छाट

पुस्तिका बावन्न पानांची.
शेवटची दोन झेरॉक्सवाल्या चिलवेरीनं खाल्ली,
म्हणून संदर्भसूची नाही
आणि निष्कर्ष अर्ध्या वाक्यावर थांबतो.
मी म्हटलं, राहू दे.

जुलै लागला तरी पत्रा तापलेला.
खोली क्रमांक नऊ, सकाळचे साडेसात,
प्रथम वर्ष, कला.
कला म्हणजे इथं कुणी चित्र काढत नाही;
सायन्स झेपलं नाही, कॉमर्सला जागा राहिली नाही,
मग जे उरतं ते.
कुणी विचारलं तर पोरं नुसतं 'कॉलेजला आहे' म्हणतात.

रात्री मी तयारी केली होती.
सोलापूर, म्हणून चादरीची उपमा :
उभे धागे इतिहासाचे, आडवे भाषेचे,
मधून माणूस धोट्यासारखा धावतो, वगैरे.
वाक्य आवडलं म्हणून दोनदा लिहून काढलं.

फळ्यावर एक रेघ उभी ओढली, एक आडवी.
शेवटच्या बाकावर वेणुगोपाळ इराबत्ती,
रात्रपाळीवरून थेट वर्गात आलेला,
भुवयांवर कापसाची पांढरी लव.
म्हणाला, ओ सर, आमच्या लूमला धोटाच न्हाई. रॅपियर हाय.
आन् धागा तुटला की मशीन गपचूप थांबतंय.
वरडतो त्यो मालक.

वर्ग हसला. मीही.
उपमा पुसली. हाताला खडू तेवढा राहिला.

मग म्हटलं, उघडा पान एक. मोठ्यानं कोण वाचतंय?

रजिता मेरगू उठली.
घरात तेलुगू, भिंतीपलीकडे कन्नड,
बाजारात हिंदी, मराठी शाळेपासून.
ती एकेक शब्द आधी हलवून बघायची,
नळ चौथ्या दिवशी येणार असला की
घागर हलवून बघतात तशी : आत किती आहे.

'मानव्यविद्या म्हणजे माणसाने स्वतःविषयी जमवलेल्या
ज्ञानाची निवड…'
थांबली.
सर, निवड म्हणजे छाट काढणं का?

तसं नाही, मी म्हटलं.
म्हणजे, तसंच. थोडं.

बोट ओळीवर तसंच ठेवून ती बोलत राहिली :
आई दिवसाला हजार विड्या वळते.
चेकर जुडी उचलतो, अंगठ्यानं दाबतो,
पन्नास-साठ बाजूला सारतो. छाट.
त्याचे पैसे नाहीत.
पण छाट कुणी फेकत नाही सर.
तीपण विकतात. तीपण कुणीतरी ओढतंच.
लहानपणी मी विचारलेलं त्याला, कशावरून ठरवता?
म्हणाला, हाताला कळतं.

कुणाच्या हाताला?

हे तिनं मला विचारलं की चेकरला
की पानाला, मला कळलं नाही.
पंखा फिरत होता, त्याची एक पाती वाकडी आहे.
हाच प्रश्न पुस्तिकेत पान सव्वीसवर येतो,
तिथं त्याला तीन जोडशब्द आणि एक तळटीप लागते,
आणि तळटिपेतही कुणाची आई नाही.

शबनूर नदाफनं हात वर केला :
सर, हे परीक्षेला येतं?
नाही, मी म्हटलं.
तिनं पेनाचं टोपण लावलं.
पण वही मिटली नाही, एवढं मी पाहिलं.
तेवढ्यात बेल झाली.

दुपारी चिलवेरीच्या दुकानात गेलो.
माझी दोन पानं?
ती काळी आली होती ओ सर,
अख्खा गठ्ठाच छाट निघाला, बाजूला ठेवलाय.
शाई वाया, कागद कशाला वाया घालवायचा?
चार-चार तुकडे करून पाठकोऱ्या बाजूला
तो पावत्या फाडत होता.

माझीही पावती त्यावरच.
जमा चारशे, बाकी बारा.
उलटी करून उन्हात धरली.
सगळा काळोख, त्यात एकच ओळ तगलेली,
माझीच, कधी लिहिली आठवत नाही :
'अर्थात, हे सर्व तात्पुरते'

पुढं कात्री.